नदी नव्हती, मग पाणी कुठले?

आमच्या शाळेत सहावीच्या वर्गावर प्राचीन संस्कृतींचा पाठ चालला होता. सिंधू, नाईल, तैग्रिस-युफ्रेटिस, होआंग हो अशी नावे फळ्यावर लिहून झाली. संस्कृती नदीकाठी जन्माला येतात, हे वाक्य मुलांनी वहीत उतरवून घेतले. पाठाला जोड म्हणून मेक्सिकोतील चिचेन इत्झा येथील पायऱ्यापायऱ्यांच्या मंदिराचे एक मोठे चित्र वर्गात फिरवले. तेव्हा मंठा तालुक्यातून शिकायला आलेल्या एका मुलीने हात वर केला. "बाई, तिथे नदी कुठली?"

आम्ही नकाशा काढला. युकातान द्वीपकल्पाच्या उत्तर भागात निळी रेघ काही सापडेना. हजारो माणसांचे शहर, दगडी मंदिरे, वेधशाळा, चेंडूच्या खेळाचे मैदान, सारे काही होते. नदी मात्र नव्हती. मग ही माणसे पाणी कुठून पीत होती? ज्या मुलीच्या गावात फेब्रुवारीपासून टँकरची वाट पाहिली जाते, तिला हा प्रश्न आधी सुचावा यात नवल नाही. आम्हांला तो इतकी वर्षे शिकवूनही सुचला नव्हता, हे कबूल करायला हवे.

त्या एका प्रश्नामुळे आमच्या त्या वर्षीच्या सहलीची सगळी आखणीच बदलली. तिची हकिकत आणि तिच्या निमित्ताने आम्ही जो इतिहास वाचला, तो येथे देत आहोत.

चुनखडीचा देश

उत्तर युकातानात पाऊस कमी पडतो असे नाही. चिचेन इत्झाच्या परिसरात वर्षाला हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस होतो. आपल्या जालना जिल्ह्यात तो सातशेच्या आसपास असतो. म्हणजे आपल्यापेक्षा पाऊस जास्त, तरीही नदी नाही. याचे कारण जमिनीत आहे. तो सगळा प्रदेश चुनखडीच्या दगडाचा आहे. पावसाचे पाणी हवेतून आणि मातीतून कार्बन डायऑक्साइड घेते व किंचित आम्लधर्मी होते. असे पाणी चुनखडी हळूहळू विरघळवते. हजारो वर्षांत दगडात भेगा, भेगांच्या नळ्या आणि नळ्यांच्या गुहा होतात. पाणी जमिनीवरून वाहण्याऐवजी जमिनीखालून वाहू लागते. कुठे कुठे गुहेचे छत कोसळते आणि खालचे स्वच्छ, निळे पाणी उघडे पडते. निसर्गानेच खोदलेली ही विहीर. माया लोकांच्या भाषेतील तिच्या नावावरून स्पॅनिश लोकांनी 'सेनोटे' हा शब्द घेतला.

चिचेन इत्झा या नावाचा अर्थच मुळी 'इत्झा लोकांच्या विहिरीचे तोंड' असा आहे. गावाचे नाव देवावरून किंवा राजावरून न ठेवता विहिरीवरून ठेवले, यातच सारे आले. तेथे दोन मोठी सेनोटे आहेत. श्तोलोक नावाचे सेनोटे वस्तीच्या मध्याजवळ आहे. ते पिण्याच्या पाण्याचे. दुसरे उत्तरेला. मोठ्या मंदिरापासून तिथवर दगडांनी बांधलेला रस्ता जातो. सुमारे ६० मीटर रुंद असलेल्या या सेनोटेचे पाणी काठापासून सुमारे २० मीटर खाली दिसते. ते देवाचे. पाऊस देणाऱ्या 'चाक' देवाला तेथे दाने अर्पण करीत, आणि त्या दानांत माणसेही असत.

आज तेथे जाणारे प्रवासी एका दिवसाची सहल करतात. सकाळी वाटाड्याबरोबर मंदिरे पाहायची आणि ऊन चढले की जवळच्या एखाद्या सेनोटेत डुंबायचे. प्रवाशाच्या लेखी पाणी हा सहलीतला विसावा असतो. माया माणसाच्या लेखी पाणी आधी होते. ते तेथे होते म्हणून शहर तेथे होते.

वर्गातला प्रयोग

एवढ्या दूर मुलांना नेणे शक्य नव्हते. पण चुनखडी आणि आपला काळा दगड यांतला फरक वर्गातच दाखवता येतो. शहाबादी फरशीचा एक तुकडा घ्यावा. मराठवाड्यात तो कुठल्याही घराच्या परसात सापडतो. शहाबादी फरशी ही चुनखडीच आहे. शेजारी रस्त्याच्या कडेचा काळा दगड ठेवावा. प्रयोगशाळेतील विरल हायड्रोक्लोरिक आम्लाचे दोन-दोन थेंब दोन्हींवर टाकावेत. हे काम शिक्षकांनीच करावे. फरशीवर बुडबुडे येतात, काळ्या दगडावर येत नाहीत.

आमच्या प्रयोगात मात्र एका काळ्या दगडावरही फेस आला आणि मुले हसली. नीट पाहिल्यावर कळले की त्या दगडाच्या पोकळीत पांढरे स्फटिक होते आणि फेस त्यांवर येत होता. ते कॅल्साइट. लाव्हा थंड होताना वायूचे बुडबुडे अडकून पोकळ्या राहिल्या आणि नंतर पाण्याबरोबर आलेली खनिजे त्यांत साठली. प्रयोग फसला असे वाटले की तेथे थांबून पाहावे, ही शिकवण आम्हांला त्या दिवशी फुकट मिळाली.

काळा दगड पाण्यात असा विरघळत नाही. म्हणून आपल्याकडे चुनखडीतल्यासारख्या पाण्याच्या गुहा नाहीत. पाणी राहते ते दगडाच्या भेगांत, झिजलेल्या मुरमात आणि लाव्हाच्या दोन थरांमधल्या जागेत. ते आपोआप उघडे पडत नाही, खणून गाठावे लागते. युकातानात निसर्गाने छत पाडून दिले. येथे माणसाने खोल खणले, चहूबाजूंनी दगड बसवला आणि उतरायला पायऱ्या केल्या. त्याला आपण बारव म्हणतो. बारव हे माणसाने बांधलेले सेनोटेच आहे, असे मुलांना सांगितले तर ते त्यांच्या पटकन ध्यानात येते.

पहिला मुक्काम: दोन मोती तलाव

सहलीच्या दिवशी आम्ही उजाडताच निघालो. पहिला मुक्काम जालन्यातच होता. शहराच्या पश्चिमेचा मोती तलाव मुलांनी पन्नास वेळा पाहिला असेल, पण तो कशासाठी बांधला हे कुणी सांगू शकले नाही. जुन्या गॅझेटियरमध्ये या तलावाचे श्रेय जमशेदखान या अधिकाऱ्याला दिले आहे. काळी मशीद आणि तिच्याजवळची सराई यांच्याशीही त्याचेच नाव जोडलेले आहे. महत्त्वाची गोष्ट अशी, की या तलावातून जमिनीखालच्या नळांनी पाणी शहरात आणले होते आणि ते वाटण्यासाठी हौद बांधले होते. पंप नाही, वीज नाही, केवळ उतार. 'जालना, सोने का पालना' ही म्हण आपण सगळेच ऐकतो. तो पाळणा हलता ठेवायला हे पाणी होते, एवढे मुलांना तलावाच्या काठावर उभे करूनच सांगावे.

पुढे निजामाच्या राजवटीत घाणेवाडीचा तलाव झाला. त्याचेही पाणी उताराने शहरात येई. काळाच्या ओघात तलावांत गाळ साचत गेला आणि वस्ती वाढत गेली. २०१२-१३ च्या दुष्काळात जालन्याचे हाल साऱ्या महाराष्ट्राने पाहिले. शहर टँकरवर जगले. याच काळात गावातील नागरिकांनी एकत्र येऊन घाणेवाडीचा गाळ काढण्याचे काम चालवले. आज पैठणच्या जायकवाडी धरणातून नळाने पाणी येते. दूरचे पाणी घरात आले की जवळच्या पाण्याकडे कुणी वळून पाहत नाही, हा अनुभव मात्र सगळीकडचा आहे.

जालन्याहून सिंदखेडराजा सुमारे तीस किलोमीटर. जिल्हा बदलतो, बुलढाणा लागतो. दगड तोच राहतो. जिजाऊंचे जन्मस्थान पाहून झाल्यावर मुलांना गावातील मोती तलाव आणि पुतळा बारव दाखवली. येथेही तलावाचे नाव मोतीच. पाण्याला मोत्याची उपमा देणारी माणसे कोणत्या प्रदेशातली असतील, असे आम्ही विचारले. "जिथे पाणी कमी तिथली," असे उत्तर चटकन आले.

पुतळा बारवेच्या पायऱ्यांवर उभे राहून आमच्यातील एका ज्येष्ठ शिक्षकांनी आपल्या लहानपणाची आठवण सांगितली. पाठीला रिकामा डबा बांधून विहिरीत ढकलून दिले की पोहायला येई. गावातला प्रत्येक मुलगा असाच शिकला. त्यांनी मुलांना विचारले, तुमच्यापैकी किती जणांना पोहता येते? बेचाळीस मुलांत तीन हात वर झाले. उन्हाळ्याच्या सुट्टीत विहिरीत डुंबण्याइतके पाणीच नसेल तर पोहणे शिकणार कुठे? भूजल खाली गेले याचा असाही पुरावा असतो.

लोणारचे विवर

दुपारी लोणारला पोहोचलो. सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचे, दीडशे मीटर खोल असे हे वाटोळे विवर काठावरून पाहिले की मुले आपसूक गप्प होतात. काठावर धारेचे तीर्थ आहे. गोमुखातून गोड्या पाण्याची धार कुंडात पडते. शेकडो वर्षे यात्रेकरू येथे स्नान करीत आले. विवराच्या उतारावर आणि तळ्याच्या काठी जुन्या मंदिरांचे अवशेष आहेत. गावात दैत्यसूदनाचे शिल्पसमृद्ध मंदिर आहे. ते यादवकाळाच्या आगेमागचे. अवशेष आणि नैसर्गिक पाणी एकत्र पाहायचे असेल, तर आपल्याला मेक्सिकोला जायची गरज नाही.

धारेचे पाणी गोड आणि तळ्याचे पाणी खारट, असे का? विवराच्या कडेच्या खडकात मुरलेले पावसाचे पाणी भेगांतून बाहेर येते. तळ्यात उतरलेल्या पाण्याला मात्र बाहेर जायला वाट नाही. ते फक्त वाफ होऊन जाते आणि सोबत आणलेले क्षार मागे ठेवते. म्हणून तळे खारे आणि अतिशय अल्कधर्मी झाले. या क्षारांचा उपयोग लोकांना फार पूर्वीपासून माहीत होता. अकबराच्या काळातील 'आइन-इ-अकबरी'त लोणारचा उल्लेख आहे तो पवित्र स्थान म्हणून, तसाच काच आणि साबण यांना लागणाऱ्या पदार्थांसाठीही.

येथे आम्ही एक वाटाड्या बरोबर घेतला होता. त्याने लवणासुराची कथा रंगवून सांगितली. विष्णूने दैत्यसूदनाचे रूप घेऊन जमिनीखाली लपलेल्या या दैत्याला मारले आणि ते बीळ म्हणजे हे विवर. मुलांनी ती कान देऊन ऐकली. मग त्याने सांगितले की ५० हजार वर्षांपूर्वी येथे उल्का पडली. एका मुलाने विचारले, "दैत्याची गोष्ट खोटी आणि उल्केची खरी, हे कशावरून?"

प्रश्न योग्य होता. लोणारचे विवर ज्वालामुखीचे असावे, असे अनेक अभ्यासक बराच काळ मानत होते. अमेरिकन भूवैज्ञानिक गिल्बर्ट यांनी १८९६ साली ॲरिझोनातील विवराशी त्याचे साम्य नोंदवले. १९७३ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनाने प्रश्न सुटला. विवरातील खडकांत प्रचंड धक्क्याने झालेले बदल आणि काच झालेली खनिजे सापडली. एवढा दाब ज्वालामुखीतून येत नाही, अतिवेगाने येऊन आदळणाऱ्या वस्तूमुळेच येतो. वयाबाबत मात्र वाटाड्याचे म्हणणे जुने झाले होते. आर्गॉन वायूच्या समस्थानिकांवरून केलेल्या नंतरच्या मापनात हे वय सुमारे ५ लाख ७० हजार वर्षे आले. आम्ही मुलांना एवढेच सांगितले की कथा ही लोकांनी त्या जागेचा लावलेला अर्थ असते. तिला खोटे म्हणून हिणवू नये. पण मापन हे पुन्हा करून पाहता येते आणि चुकले तर सुधारता येते. हा फरक मोठा आहे.

चिचेन इत्झाचेही असेच आहे. तेथील वाटाडे सांगत आले की पवित्र सेनोटेत सुंदर कुमारिकांना ढकलत. १९०४ पासून त्या पाण्याचा तळ उपसण्यात आला. त्यात सोने, जेड यांच्याबरोबर हाडेही निघाली. ती पुरुषांची, स्त्रियांची आणि मुलांची, अशी सर्वांची होती. त्या सेनोटेजवळच्या एका भूमिगत टाक्यात १९६७ साली बऱ्याच बालकांच्या अस्थी सापडल्या होत्या. त्यांपैकी ६४ जणांच्या डीएनएचा अभ्यास २०२४ साली प्रसिद्ध झाला. ते सगळे मुलगे होते. कुमारिकांच्या कथेचे काय झाले ते वेगळे सांगायला नको.

दोन आघात

लोणारच्या काठावर बसून मुलांना आणखी एक गोष्ट सांगितली. ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी युकातानच्या जागी सुमारे १० किलोमीटर व्यासाचा एक लघुग्रह आदळला. डायनोसॉरांचा अंत ज्या घटनेशी जोडला जातो, ती हीच. ते विवर आज चुनखडीखाली गाडले गेले आहे आणि अर्धे समुद्रात आहे. डोळ्यांना ते दिसत नाही. पण १९९० च्या सुमारास उपग्रहचित्रे तपासणाऱ्या शास्त्रज्ञांना दिसले की सेनोटे एका मोठ्या अर्धवर्तुळावर ओळीने आली आहेत. गाडलेल्या विवराच्या कडेवर चुनखडीला भेगा पडल्या, पाणी त्या भेगांनी वाहिले आणि सेनोटे झाली. स्वतः चिचेन इत्झा या वर्तुळाच्या बाहेर, पूर्वेला आहे. तेथील सेनोटे चुनखडीच्या नेहमीच्या झिजेतून झालेली. पण वर्तुळावरच्या वस्त्यांना पाणी दिले ते त्या प्राचीन आघाताने.

आणि आपण ज्या काळ्या दगडावर बसलो आहोत, तो? दख्खनचा लाव्हा त्याच भूवैज्ञानिक काळात थरावर थर वाहत होता. म्हणजे तिकडे लघुग्रह आदळला, तेव्हाच्या आगेमागे इकडे जालन्याची जमीन तयार होत होती. त्या थंड झालेल्या लाव्हावर फार उशिरा दुसरी, कितीतरी लहान उल्का पडली आणि लोणार झाले.

शहरे का ओस पडली?

परतीच्या वाटेवर, मंठ्याकडे गाडी वळल्यावर, मूळ प्रश्न पुन्हा निघाला. पाणी होते, तर शहर का पडले?

माया लोक नाहीसे झाले, असे पुष्कळ पुस्तकांत लिहिलेले असते. ते खरे नाही. माया भाषा बोलणारे लाखो लोक आज मेक्सिको आणि ग्वाटेमालात राहतात. नाहीशी झाली ती काही शहरे. नवव्या शतकात दक्षिणेकडील तिकालसारखी शहरे ओस पडू लागली. १९९५ साली युकातानातील चिचांकानाब सरोवराच्या गाळाचा अभ्यास प्रसिद्ध झाला. पाणी आटते तेव्हा जिप्सम खाली बसते, त्या थरांवरून आणि शिंपल्यांतील ऑक्सिजनच्या समस्थानिकांवरून कळले की त्याच सुमारास तेथे दीर्घ अवर्षण पडले होते.

यातली विचार करण्याजोगी गोष्ट अशी. दक्षिणेत पाऊस उत्तरेपेक्षा जास्त होता, तरी तीच शहरे आधी पडली. तेथे भूजल फार खोल होते आणि तिकालसारखी शहरे पावसाच्या साठवलेल्या पाण्यावर जगत होती. पाऊस चुकला की तलाव रिकामे. त्याच काळात कमी पावसाच्या उत्तरेत, सेनोटेच्या काठी, चिचेन इत्झा भरभराटीला आले. अर्थात पाणी हे एकच कारण मानू नये. लढाया, राजांमधील वैर, तुटलेला व्यापार हेही होते, आणि पुढे चिचेन इत्झाचेही वैभव ओसरले. सेनोटेने त्याला पाणी दिले. पण पिण्यापुरते पाणी असले तरी मक्याचे पीक पावसावरच येत होते.

आपला इतिहासही हेच सांगतो. सिंदखेडच्या लखुजी जाधवरावांची १६२९ साली दौलताबादेत हत्या झाली आणि लगेच १६३० पासून दख्खनमध्ये भीषण दुष्काळ पडला. एकाच वेळी लढाया आणि अवर्षण आले की तलाव-बारवा असलेली गावेही कोलमडतात. बारव माणसाला काही महिने तारते. बारवेचा गाळ काढणारी, पाट दुरुस्त करणारी, पाणी वाटून देणारी माणसे पांगली, की बारव नुसता दगड राहते.

सहलीनंतरचा अभ्यास

सहलीवर निबंध लिहायला सांगण्याऐवजी आम्ही मुलांना चार प्रश्न दिले. तुमच्या गावात सर्वांत जुनी पाण्याची जागा कोणती? ती कुणी बांधली असे लोक सांगतात? ती शेवटची कधी भरली होती? आता तिची देखभाल कोण करते? उत्तरे घरातल्या सर्वांत वयस्क माणसाला विचारून आणायची होती. विहिरीजवळ एकट्याने जायचे नाही, ही सक्त ताकीद होती.

महाराष्ट्रात अलीकडच्या वर्षांत बारवा शोधून, साफ करून महाशिवरात्रीला तेथे दिवे लावणारे स्वयंसेवक पुढे आले आहेत. मुलांच्या वह्या अशा कामाला उपयोगी पडू शकतात. शिक्षकमित्रांनी आपल्या शाळेत हे करून पाहावे. खर्च काही नाही. नकाशा मात्र चांगला तयार होतो.

ज्या मुलीने प्रश्न विचारला होता, तिनेही वही दिली. तिच्या आजीने सांगितले होते की गावच्या बारवेतून १९७२ च्या दुष्काळातही सारे गाव पाणी प्यायले. आता तिच्यात कचरा टाकतात. पहिल्या नऊ पायऱ्या दिसतात, खालच्या बुजल्या आहेत. शेवटी तिने स्वतःच्या मनाने एक वाक्य जोडले होते: "आमच्या गावाला नदी आहे, पण मार्चनंतर पाणी नाही."

पुढल्या वर्षी सहावीला तोच पाठ घेताना संस्कृती नदीकाठी जन्माला येतात, हे वाक्य आम्ही फळ्यावर लिहिले. त्याखाली तिचे वाक्य लिहिले आणि मुलांना विचारले, यांवर तुमचे काय म्हणणे आहे? तो तास घंटा झाल्यावरही संपला नाही.